अख्खी कोंबडी ओटीजीत रोस्ट केली, ब्रेस्ट कोरडा आणि तंगडी कच्ची, काय चुकलं?

खडीसाखर (नाशिक)
नमस्कार मंडळी. आमच्याकडे चिकन जवळजवळ दर रविवारी होतं पण ते आपलं रस्सा नाहीतर सुकं, ओव्हनमधलं मी फारसं काही केलेलं नाहीये. मुलगा पुढच्या महिन्यात 16 वर्षांचा होतोय, त्याने आजवर वाढदिवसाला कधी काही मागितलं नाही आणि यावेळी म्हणाला केक नको पाहुणे नको, अख्खी कोंबडी हर्ब्ज लावून भाज, ती तशीच टेबलावर ठेव आणि कापणार मी. म्हणून गेल्या रविवारी एकदा करून बघितली आणि पार फसली.

केलं काय ते सांगते. ओटीजी (वर-खाली रॉड असलेला छोटा विजेचा ओव्हन) 30 लिटरचा. कोंबडी साफ करून 1 किलो 300 ग्रॅम भरली, दुकानदाराने नेहमीसारखी सोलूनच दिली. आदल्या रात्री 3 लिंबांचा रस, अंदाजाने मीठ, ऑलिव्ह ऑइल, पिझ्झाबरोबर येतात ती ओरेगॅनोची पाकिटं साठली होती ती सगळी आणि थोडी सुकी रोजमेरी असं चोळून फ्रीजमध्ये ठेवली. सकाळी 200 वर सव्वा तास. वरचे हर्ब्ज जळून काळे आणि कडू, ब्रेस्ट इतका कोरडा की घासागणिक पाणी लागत होतं, आणि तंगडी ओढली तर हाडापाशी लालसर आणि रक्तासारखं पाणी. एकाच कोंबडीत एक भाग जास्त शिजतो आणि एक कच्चा राहतो हे कसं? मुलाने मुकाट्याने खाल्लं, वर "चांगलंय गं आई" म्हणाला, त्याचंच मला जास्त वाईट वाटलं.

स्किन लागतेच का? किती तापमान, किती वेळ, हर्ब्ज नक्की कधी लावायचे? आणि ताजे हर्ब्ज नाही मिळाले तर काय? कृपया ज्यांनी घरी खरंच केलंय त्यांनी सांगा, व्हिडिओ बघून बघून माझा गोंधळ वाढलाय.

आंबेमोहोर (पुणे)
स्किन हवीच. स्किनखाली चरबी असते, भाजताना ती वितळून मांसावर पसरते आणि वरची कातडी मांसाला थेट आच लागू देत नाही. सोललेली कोंबडी तुम्ही सव्वा तास उघड्या रॉडखाली ठेवलीत, ब्रेस्ट कोरडा होणारच होता.

आपल्याकडे सगळ्यांना रश्शालाच हवी असते म्हणून दुकानात न विचारता सोलतात. आदल्या दिवशी सांगून ठेवायचं, "चामडीसकट अख्खी पाहिजे, भाजायला". चामडी ठेवायची तर कोंबडी गरम पाण्यात बुडवून पिसं उपटावी लागतात, त्यात वेळ जातो, त्यामुळे रविवारी सकाळी 10 च्या गर्दीत जाऊन मागितली तर तो नाहीच म्हणणार. मी शनिवारी दुपारी जाते, तेव्हा निवांत करून देतो. साफ केल्यावर 1 ते 1.2 किलो भरेल एवढीच घ्या, 30 लिटरच्या ओटीजीत त्याहून मोठी वरच्या रॉडच्या फार जवळ जाते. फ्रोजन आणलीत तर फ्रीजच्या खालच्या कप्प्यात पूर्ण 24 तास विरघळू द्या, आत बर्फ राहिला तर हाडापाशी कच्ची राहिलीच म्हणून समजा.

आणि लिंबाचा रस रात्रभर नको. आंबटाने वरचं मांस आधीच घट्ट होतं आणि खाताना पिठूळ लागतं. साल किसून वापरा, रस खाताना पिळा.

पावशेर (लेस्टर)
15 वर्षं इंग्लंडमध्ये आहे, इथे रविवारचं जेवण म्हणजे रोस्ट, शेजारच्या आजींकडून शिकलो आणि आता आमच्याकडे महिन्यातून दोनदा तरी होतं, त्यामुळे जरा लांब लिहितोय, समजून घ्या.

खडीसाखर, तुमचा खरा प्रश्न हर्ब्जचा नाहीच, मीठ आणि तापमानाचा आहे. एका कोंबडीत दोन वेगळ्या प्रकारचं मांस असतं. ब्रेस्टमध्ये चरबी जवळजवळ नाही, तो 65 ते 70 डिग्रीला मस्त रसाळ असतो आणि 75 च्या पुढे गेला की कोरडा पडायला लागतो. तंगडी आणि मांडी म्हणजे दिवसभर चालणारे स्नायू, त्यात चिवट धागे जास्त, ते 80 च्या आसपास गेल्यावर मऊ होतात. म्हणजे मांडी तयार होईपर्यंत ब्रेस्टला सांभाळून ठेवायचं, सगळी खटपट एवढ्यासाठीच. म्हणून घड्याळ लावून भाजू नका, टोचायचा थर्मामीटर घ्या, ऑनलाइन स्वस्तात मिळतो, आणि मांडीच्या सगळ्यात जाड भागात हाडाला न टेकवता टोचा. अमेरिकेचं शेती खातं 74 डिग्री सांगतं, इथली फूड स्टँडर्ड्स एजन्सी 70 डिग्रीला 2 मिनिटं सांगते. मी ब्रेस्ट 70 ला आणि मांडी 78 ते 80 ला आली की बाहेर काढतो, बाहेर आल्यावरही आतलं तापमान 3-4 डिग्री चढतं.

आता मीठ. अंदाजाने नको, वजनाने. 1.2 किलोच्या कोंबडीला साधारण 12 ते 15 ग्रॅम, म्हणजे बारीक मिठाचे सपाट 2 ते अडीच छोटे चमचे. आदल्या दिवशी कोंबडी टिश्यूने आतबाहेर खडखडीत पुसायची, मीठ सगळीकडे चोळायचं, थोडं स्किनखाली, थोडं पोटात, आणि फ्रीजमध्ये झाकण न ठेवता रात्रभर ठेवायची, सगळ्यात खालच्या कप्प्यात म्हणजे दुसऱ्या कशावर थेंब पडणार नाहीत. सुरुवातीला मीठ पाणी बाहेर ओढतं, मग तेच खारं पाणी हळूहळू परत आत जातं आणि मांसातली प्रथिनं जरा सैल होतात, त्यामुळे भाजताना ती पाणी धरून ठेवतात. याला 12 तास तरी लागतात, 24 उत्तम. आणि उघडी ठेवल्याने कातडी वाळते, सकाळी हाताला कागदासारखी लागते, तीच ओव्हनमध्ये कुरकुरीत होते. ओली कातडी आधी वाफेत उकडते आणि मग रबरासारखी होते. बाकी काही नाही जमलं तरी एवढं करा, फरक पहिल्याच घासाला कळेल.

हर्ब्ज वरून लावायचेच नाहीत, ते स्किनखाली बटरमध्ये जातात. साधारण 50 ग्रॅम बटर मऊ करायचं (आपलं 100 ग्रॅमचं पाकीट येतं त्यातलं अर्धं, ते खारं असतं म्हणून मीठ 12 ग्रॅमच ठेवा), त्यात 5-6 लसूण पाकळ्या ठेचून, 1 छोटा चमचा सुका थाइम, अर्धा चमचा रोजमेरी, मिरी, एका लिंबाची किसलेली साल. सुकी रोजमेरी तशीच घातली तर काड्या दाताखाली टोचतात, खलबत्त्यात कुटून घ्या. ताजं असेल तर तिप्पट. मग मानेच्या बाजूने दोन बोटं स्किन आणि ब्रेस्टच्या मध्ये सावकाश सरकवायची, नखं कापलेली हवीत, कातडी फाटली नाही पाहिजे, तिथे पिशवीसारखी जागा होते त्यात बटर भरायचं आणि वरून हाताने दाबत मांडीपर्यंत पसरवायचं. तिथे हर्ब्जना आच थेट लागत नाही, ते जळत नाहीत, बटर वितळतं तसा वास मांसात जातो. वर फक्त तेलाचा हात आणि मिरी. पोटात अर्धं लिंबू, एक कांदा आडवा चिरून, लसणाचा अर्धा गड्डा, पण गच्च भरू नका, गच्च भरलं की आत गरम हवा फिरत नाही आणि मांडीचा आतला भाग मागे राहतो.

भाजायच्या आधी अर्धा तास बाहेर काढा. ओटीजी 220 वर 15 मिनिटं तापवा. पहिली 20 मिनिटं 220, मग 180. एकूण 60 ते 70 मिनिटं धरून चला पण 45 मिनिटांपासून टोचून बघायला लागा. वरचा रॉड जवळ असतो म्हणून ट्रे सगळ्यात खालच्या खाचेत, आणि स्किनला हवा तसा सोनेरी रंग आला की फक्त ब्रेस्टवर फॉइलचा तुकडा टाका, तंगड्या उघड्याच राहू देत. ट्रेमध्ये जाड कांदे बटाटे पसरा आणि अर्धी वाटी पाणी, नाहीतर खाली गळलेलं बटर जळून घरभर धूर होतो. बाहेर काढल्यावर 15 मिनिटं हात लावायचा नाही. लगेच कापली तर सगळा रस पाटावर जातो, मुलाला हे आधीच सांगून ठेवा.

कोकणमिरी (दापोली)
ताजे हर्ब्ज नसतील तर पानओवा आहे की. थाइमला जो वास येतो तो थायमॉलचा, तोच आपल्या ओव्यात असतो, आणि पानओव्याच्या जाड पानात ओरेगॅनोवाला कार्व्हाक्रॉल असतो. मी 4-5 पानं बारीक चिरून बटरमध्ये घालते, जास्त नको, उग्र होतं आणि खोकल्याच्या काढ्याची आठवण येते. सोबत कोथिंबिरीची देठं आणि भरपूर लसूण. पानओव्याची फांदी कुंडीत खोचली की लागते, नाशिकला सहज होईल. पिझ्झाच्या पाकिटातल्या मिश्रणात बऱ्याचदा मीठ आणि मिरचीचे दाणेही असतात, त्यामुळे तुमचं मीठ किती झालं होतं ते तुम्हालाही कळलं नसणार.

सोनकेळं (जळगाव)
मी तरी कोंबडी हळद-मीठ लावून तीन पाण्यांनी धुतल्याशिवाय पातेल्यात घालत नाही, इथे कोणी धुवायचं लिहिलंच नाहीये. दुकानातली तशीच पुसून वापरायची? मला पटत नाही.

आणि गावठी का नाही घेत, चव गावठीलाच आहे.

पावशेर (लेस्टर)
सोनकेळं ताई, माझी आईसुद्धा धुतेच, तिच्याशी यावरून बोलणं झालंय म्हणून समजू शकतो. कच्ची कोंबडी नळाखाली धरली की बारीक थेंब उडतात, सिंकवर, ओट्यावर, शेजारी ठेवलेल्या काकडी-कोथिंबिरीवर, आणि त्यात कॅम्पिलोबॅक्टर, साल्मोनेला हे जंतू असू शकतात. कोंबडीवरचे जंतू तर ओव्हनमध्ये मरतातच, ओट्यावरचे मात्र राहतात. म्हणून इथे धुऊ नका असंच सांगतात. रक्ताची गुठळी, पिसाचं मूळ, आत राहिलेलं फुप्फुस हे हाताने काढून टिश्यूने पुसलं की पुरतं. तरीही मनाला बरं वाटत नसेल तर नळाखाली न धरता खोल पातेल्यात पाणी घेऊन त्यात हलक्या हाताने बुडवा आणि नंतर सिंक साबणाने घासून घ्या. पण त्यानंतर अगदी कोरडी पुसा, रोस्टला पाणी चालत नाही.

गुरांचा डॉक्टर (सांगली)
मी पशुवैद्यक आहे, लालसर हाडाबद्दल थोडं लिहितो कारण त्यामुळे बरेच जण चांगली शिजलेली कोंबडी पुन्हा आत ढकलतात. ब्रॉयलर साधारण 35 ते 42 दिवसांत विक्रीला येते, एवढ्या लहान वयात हाडं पुरती टणक झालेली नसतात, आतल्या मज्जेचा रंग हाडातून झिरपून आजूबाजूच्या मांसात उतरतो. फ्रोजन असेल तर जास्तच. त्यामुळे पूर्ण शिजलेल्या तंगडीतही हाडापाशी गडद लाल दिसू शकतं. ते रक्त नाही. उलट रंग पांढरा दिसतोय म्हणून शिजली असंही समजू नका. तापमानच बघा. खडीसाखर, तुमची मात्र खरीच कच्ची असण्याची शक्यता आहे कारण फ्रीजमधून काढून थेट आत घातली असणार, तंगडीच्या सांध्याची आतली बाजू सगळ्यात शेवटी तापते.

गावठीबद्दल सोनकेळं यांचं चवीपुरतं अगदी खरं आहे. पण ती कित्येक महिने हिंडलेली असते, मांस घट्ट आणि धागे चिवट, कोरड्या आचेवर तासाभरात मऊ होत नाही. तिला रस्साच हवा.

अजून एक, ओटीजी 1500 ते 2000 वॉटचा असतो, 16 अँपियरच्या मोठ्या पिनवरच लावा. बारक्या एक्स्टेंशनवर तासभर चालवू नका.

वसईचा वारा
आमच्याकडे नाताळला अख्खी कोंबडी असतेच, आणि माझ्या लहानपणी घरात कोणाकडेच ओव्हन नव्हता. आजी जाड बुडाच्या टोपात करायची. कोंबडीला आलं-लसूण, मिरी, दालचिनी, लवंग आणि व्हिनेगर लावून ठेवायची, मग टोपात तूप तापवून आधी चारी बाजूंनी लाल करून घ्यायची, कपभर पाणी, घट्ट झाकण, खाली मंद विस्तव आणि झाकणावर निखारे. तासाभराने झाकण काढलं की अंगणापर्यंत वास. तिच्या पोटात कलेजी-पेठा बारीक चिरून, कांदा, उकडलेला बटाटा, पावाचा चुरा आणि मनुका परतून भरलेलं असायचं, आम्हा पोरांची भांडणं कोंबडीवरून नाही, त्या भरलेल्यावरून व्हायची. मी आता ओटीजीत करते पण ते भरणं वेगळं छोट्या वाडग्यात भाजते, कारण पावशेर म्हणाले तेच, पोटात भरलं की ते आतपर्यंत तापायला वेळ लागतो आणि तोवर ब्रेस्ट जातो.

हे सांगायचं कारण की ज्यांच्याकडे ओव्हन नाही त्यांनी अडून बसू नये, टोपातली कातडी कुरकुरीत होत नाही पण मांस फार सुंदर होतं. थाइम रोजमेरी टोपातही घालता येतात, त्या वाफेत तर ते जास्तच उतरतात.

खडीसाखर, ओटीजीचा आकडा आणि आतलं तापमान यात फरक असू शकतो, आत ठेवायचा छोटा थर्मामीटर घेऊन एकदा बघाच. माझा 200 ला 180 च देतो, हे कळायला मला तीन नाताळ लागले.

आंबेमोहोर (पुणे)
एक राहिलं. अख्खी ठेवून धाकधूक वाटत असेल तर पाठीचा कणा काढून चपटी करून भाजा, दुकानदार कात्रीने दोन मिनिटांत करून देतो. तंगड्या आणि ब्रेस्ट एका पातळीत येतात, 220 वर 40-45 मिनिटांत दोन्ही बरोबर होतात. माझ्या मते घरच्या ओटीजीसाठी हीच पद्धत सगळ्यात भरवशाची.

खडीसाखर (नाशिक)
सगळ्यांचे मनापासून आभार, मी सगळं वहीत उतरवून घेतलंय. आंबेमोहोर, चपटीचं पटलं पण त्याला अख्खीच हवी, टेबलावर अख्खी दिसली पाहिजे हेच तर त्याने मागितलंय. थर्मामीटर मागवला. आमच्या चिकनवाल्याला चामडीसकट म्हटल्यावर त्याने आधी दोनदा विचारलं, मग मुलाच्या वाढदिवसाला आहे म्हटलं तर म्हणाला शनिवारी 4 ला या, चांगली बघून ठेवतो.

खडीसाखर (नाशिक)
काल झाली! लिहिल्याशिवाय राहवत नाहीये.

1 किलो 150 ग्रॅमची मिळाली. 12 ग्रॅम मीठ वजनकाट्यावर मोजलं, शनिवारी संध्याकाळी 5 ला लावलं, रविवारी दुपारी 12 ला काढली. कातडी खरंच कागदासारखी झाली होती, मी घरात सगळ्यांना हात लावून बघायला लावला. बोटं घालताना एका जागी थोडी फाटली, तिथे लिंबाची चकती ठेवून वर काडी टोचली. बटरमध्ये थाइम, कुटलेली रोजमेरी आणि शेजारच्या काकूंच्या कुंडीतली पानओव्याची 3 पानं. थाइम पानओवा एकत्र छान लागतात, कोणी बिचकत असाल तर नका बिचकू.

आतलं तापमान बघितलं तर माझा ओटीजी उलटा निघाला, 200 ला 225 दाखवत होता, म्हणजे मागच्या वेळी मी किती आच दिली होती ते कळलं. मग आकडा कमी ठेवून तुम्ही सांगितलं तसं केलं. 35 मिनिटांनी ब्रेस्टवर फॉइल, 50 मिनिटांनी ब्रेस्ट 66 आणि मांडी 71, 58 मिनिटांनी ब्रेस्ट 70 आणि मांडी 79. काढली. ती 15 मिनिटं आमच्या घरातली सगळ्यात लांब 15 मिनिटं होती, मुलगा सुरी घेऊन उभाच.

हाडापाशी थोडं लालसर होतं, पण आकडा बघितलेला असल्यामुळे मी निर्धास्त होते, डॉक्टरांचं सगळ्यांना वाचून दाखवलं. ब्रेस्ट कापला तर पाटावर रस आला. कोरडा नाही, अजिबात नाही. सासूबाईंना दातांमुळे चिकन चावत नाही म्हणून त्या नुसता रस्सा घेतात, त्यांनी ब्रेस्टचे दोन तुकडे मागून खाल्ले. खालचे बटाटे पहिल्यांदा संपले. मुलाने एक तंगडी आजीला, एक मला दिली आणि स्वतः पाठीचं मांस हाताने काढून खात बसला, म्हणाला हेच सगळ्यात भारी आहे.

आता हाडांचा सांगाडा आणि ट्रेमधलं तपकिरी पाणी एका डब्यात ठेवलंय, टाकवत नाहीये. त्याचं काय करू?

वसईचा वारा
अगं टाकू नकोस! ट्रेमधल्या पाण्यावर थिजलेली चरबी येईल ती वेगळी काढ, उद्या त्यात बटाट्याच्या काचऱ्या परत. खालचं जेलीसारखं होईल ते आणि हाडं एकत्र, एक कांदा सालीसकट अर्धा करून, गाजर, 8-10 मिरी, एक तमालपत्र, उरला असेल तर थाइम. हाडं बुडतील इतकंच पाणी. कुकरला पहिली शिट्टी झाली की बारीक गॅसवर 40 मिनिटं, गाळून घे. त्या पाण्यात तांदूळ आणि मुगाची डाळ घालून मऊ खिचडी कर सासूबाईंना. मीठ मात्र चाखून घाल, हाडांना आणि ट्रेमधल्या रसाला आधीचं मीठ आहे.